आणि पार्टी

तुळजापुरात महाद्वाराकडे जाणाऱ्या रस्त्यावर एकेकाळी कुंकू, परड्या आणि कवड्यांच्या माळांच्या दुकानांशेजारी कॅसेटची दुकानं असायची. दिवसभर देवीची गाणी मोठ्यानं लावलेली. कॅसेटच्या कागदावर वर आई भवानी, खाली गायकाचा फोटो, फोटोखाली ठळक नाव आणि त्याच्यापुढे बारीक अक्षरात दोन शब्द : ‘आणि पार्टी’. संबळ कोणी वाजवला, झील कोणी धरली, तुणतुण्यावर कोण होतं, ती सगळी माणसं त्या दोन शब्दांत मावलेली. गायकाचं पुढे नाव झालं तर त्याची कहाणी कुठेतरी छापून येते. पार्टी मात्र दोन-चार हंगामांत विखुरते आणि ती होती हेही कुणी सांगत नाही.

लोकसंगीत गाणारे अल्पायुषी संच आणि नावाजलेल्या मंडळींशी असलेलं त्यांचं नातं, हा प्रश्न आपल्याकडे कधी नीट मांडला गेला नाही. पाश्चात्त्य फोक-रॉकच्या जगात तो फार आवडीनं मांडला गेला. 1969 साली ‘झिगझॅग’ हे मासिक काढणाऱ्या पीट फ्रेम या इंग्रज माणसानं रॉक बँडच्या वंशावळी हातानं काढल्या. कोण कोणत्या बँडमधून निघालं, कुठे गेलं, मधल्या सहा महिन्यांत कोणता संच जमला आणि मोडला, हे सगळं बारीक अक्षरात एका कागदावर. त्यामुळे अमेरिकेतला ‘मगवम्प्स’ हा संच जेमतेम 1964 सालापुरता टिकला, तरी त्यातले कॅस एलियट आणि डेनी डोहर्टी ‘द मामाज अँड द पापाज’मध्ये आणि झाल यानोव्हस्की ‘लव्हिन स्पूनफुल’मध्ये गेले, हे तिथल्या कुठल्याही शौकिनाला ठाऊक असतं. मगवम्प्सचं रेकॉर्डिंग तबकडीवर आलं ते 1967 साली, म्हणजे ही मंडळी प्रसिद्ध झाल्यावर. लहान संचाकडे लोक वळून बघतात ते मोठ्या संचाच्या उजेडात, हे यावरून दिसतं. आयर्लंडच्या ‘स्वीनीज मेन’चं तसंच. 1966 ते 1969 एवढंच आयुष्य. पण त्यांच्यातल्या जॉनी मॉयनिहननं ग्रीकांचं बुझुकी हे वाद्य आयरिश लोकसंगीतात आणलं, अँडी अर्व्हाइन पुढे ‘प्लँक्स्टी’ उभा करणाऱ्यांत होता, टेरी वुड्स ‘स्टीलाय स्पॅन’मध्ये आणि बऱ्याच वर्षांनी ‘पोग्ज’मध्ये दिसला. संच मोडला, पण त्यानं आणलेलं वाद्य आज आयरिश संगीतात घरचं झालं आहे.

हे सगळं वाचताना मला आपला मुलूख दिसतो. आपल्याकडे असे संच कमी नव्हते, कमी पडली ती वंशावळ काढणारी माणसं.

सुरुवात आराधी मेळ्यांपासूनच करायला हवी, कारण धाराशिव जिल्ह्यात या प्रश्नाचं मूळ तिथे आहे. नवरात्रात आणि त्यानंतर कोजागरीला सोलापूर, लातूर आणि कर्नाटकाकडून माणसं तुळजापूरला चालत येतात. चैत्री पौर्णिमेला येरमाळ्याच्या येडेश्वरीला जातात, चुनखडी वेचतात. गळ्यात कवड्यांची माळ, हातात परडी, पेटता पोत आणि तोंडी आईचं गाणं. ही गाणी एकटीदुकटीनं म्हणायची नसतात. एकानं उचलायची, बाकीच्यांनी झेलायची. म्हणून गावोगाव मेळे जमतात. म्होरक्या, संबळवाला, झांजवाला, तुणतुणेवाला, मागे आराधिणी. गोंधळ्यांची घरं पिढीजात. त्यांच्यात कदमराई तुळजाभवानीचे, रेणुराई माहूरच्या रेणुकेचे. त्यांचा संच घरातच तयार होतो, म्हणून टिकतो. आराधी मेळा नवसानं आणि हौसेनं जमतो, म्हणून मोडतो.

एका कोजागरीला तामलवाडीच्या अलीकडे रस्त्याकडेच्या लिंबाखाली असा एक मेळा थांबलेला पाहिला. पहाटेचं दव पडून संबळाचं कातडं सैल झालेलं. सोळा-सतरा वर्षांच्या पोरानं पाचट पेटवून संबळाची तोंडं जाळाकडे धरली होती. मधूनमधून बोटानं टिचकी मारून तो कानानं अंदाज घेत होता. तांब्याच्या भांड्यावर पांढऱ्या रंगात एका मंडळाचं नाव रंगवलेलं होतं, पण गाव दुसरंच. विचारलं तर म्हणाला, ते मामाच्या गावचं मंडळ, आता नाही, मामानं संबळ मला दिला. मग टोकाला वाकवलेली काठी कातडीवर घासून त्यानं तो घुमारा काढला आणि बसलेल्या बाया उठून उभ्या राहिल्या. मामाच्या मंडळाचा ठेका भाच्याच्या मंडळात आला तो असा. त्याचा कागद कुठे झाला नाही, व्हायची शक्यताही नव्हती.

हे मेळे का मोडतात, याची कारणं अगदी जमिनीवरची आहेत. पहिलं कारण हंगाम. दसरा-कोजागरी झाली की दिवाळीच्या आसपास भूम, वाशी, कळंब, परंडा या भागांतल्या ऊसतोडीच्या टोळ्या गाडीत बसतात. गेल्या महिन्यात एका सुरात गाणारी चार माणसं चार कारखान्यांच्या फडात जातात. परत येईपर्यंत एखादीचं लग्न झालेलं असतं, एखाद्यानं पुण्यात काम धरलेलं असतं. दुसरं कारण नवस. पाच वर्षं गाईन असं बोललेलं असतं, पाच वर्षं पुरी होतात. तिसरं कारण म्होरक्या. चाली त्याच्या डोक्यात असतात. तो गेला की वही उरते, पण वहीत चाल नसते. आणि चौथं कारण पैसा आणि नाव. कॅसेटवाल्याला एक आवाज हवा असतो. तो उचलला जातो, पार्टी मागे राहते. हे चौथं कारण बोचतं खरं, पण माझ्या मते पहिल्या तीन कारणांनी जास्त संच मोडले.

मोठ्या नावांशी जोडणारा इथला सर्वांत महत्त्वाचा दुवा मात्र जिल्ह्याच्या शिवेपलीकडचा आहे. येडशी ओलांडून पुढे गेलं की बार्शी. 1948 पर्यंत ही नुसती जिल्ह्याची शीव नव्हती. अलीकडे निजामाचं राज्य, पलीकडे मुंबई इलाखा. हैदराबाद मुक्तीसाठी लढणाऱ्यांची शिबिरं बार्शीच्या परिसरात होती. त्या बार्शीत 20 ऑक्टोबर 1916 ला मेहबूब हुसेन पटेल जन्मला. आई मुनेरबी, तिच्या तोंडी जात्यावरच्या ओव्या. पोरानं गिरणीत काम केलं, संपात उतरला, तुरुंग पाहिला, पुढे कोल्हापुरात मास्टर विनायकांच्या कंपनीत गेला आणि अमर शेख झाला. 1944 साली अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर या तिघांनी ‘लाल बावटा कलापथक’ उभं केलं. मराठीतल्या अल्पायुषी संचांमध्ये याच्याएवढा दूरवर पोहोचलेला दुसरा संच मला माहीत नाही.

या कलापथकाचं नातं एका मोठ्या संस्थेशी होतं. मुंबईत 1943 च्या मे महिन्यात स्थापन झालेल्या ‘इप्टा’शी. ख्वाजा अहमद अब्बास, बलराज साहनी यांच्यासारखी माणसं तिथे होती. पण देणंघेणं एकतर्फी नव्हतं. इप्टाकडे शहर होतं, नाटकाची जाण होती, देशभर पसरलेल्या शाखा होत्या. लाल बावट्याकडे ढोलकी, तुणतुणं, डफ आणि कामगार वस्तीत रात्री दोन वाजेपर्यंत लोकांना जागेवर खिळवून ठेवण्याची ताकद होती. अण्णा भाऊंनी तमाशाचा सांगाडा घेतला आणि त्याचा आत्मा बदलला. गणातली देवाची आळवणी काढून तिथे मातीला, कष्टकऱ्यांना वंदन आणलं. गवळण बाजूला सारली. वगात राजाराणीऐवजी सावकार आणि शेतकरी उभे केले. तमाशाला ‘लोकनाट्य’ हे नाव रूढ करण्यात त्यांचा वाटा मोठा. मुंबई सरकारनं खेळांवर बंदी घातली, धरपकड झाली आणि कलापथक एकसंध असं थोडीच वर्षं टिकलं. पण संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात, 1956 नंतर, हीच माणसं शिवाजी पार्कापासून खेड्यातल्या चावडीपर्यंत पुन्हा गायली, कधी एकत्र, कधी आपापला संच घेऊन. 18 जुलै 1969 ला अण्णा भाऊ गेले. 29 ऑगस्टला अमर शेख अपघातात गेले. सहा आठवड्यांत दोघे.

तिघांची नावं आपल्याला पाठ आहेत. त्यांच्यामागे ढोलकी कोण वाजवत होतं? झील कोण धरत होतं? अमर शेखांचा तो पहाडी आवाज वर गेला की खालून त्याला पेलणारे गळे कोणाचे होते? महाराष्ट्राच्या इतिहासाला वळण देणाऱ्या संचाचीही पार्टी नावानिशी आपल्या ओठांवर नाही, तर कोजागरीच्या मेळ्याची कुठून असणार? या विषयात मला सर्वांत जास्त सलतं ते हे.

लाल बावट्याचं लोकनाट्य पुढे ज्यांच्या हाती गेलं त्यांची राजकीय वाट वेगळी होती. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकानं तोच सांगाडा समाजवादी हातांनी उचलला. वसंत बापट, लीलाधर हेगडे यांच्या पिढीनं तो गावोगाव नेला, पु. ल. देशपांड्यांनी ‘पुढारी पाहिजे’ लिहून दिलं. या कलापथकांच्या आणि त्यांच्या आसपासच्या लहान लहान संचांच्या मांडवात जी पोरं घडली त्यांत निळू फुले, राम नगरकर आणि दादा कोंडके होते. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्यानं निळूभाऊंना 1968 च्या ‘एक गाव बारा भानगडी’ या चित्रपटापर्यंत पोहोचवलं. दादांनी स्वतःचा संच काढून 1965 पासून वसंत सबनिसांचं ‘विच्छा माझी पुरी करा’ गाजवलं, त्यातून ते चित्रपटात आले आणि 1971 ला ‘सोंगाड्या’ आला. लोकांना सिनेमा आठवतो. पण दादांचं ते प्रेक्षकांशी थेट बोलणं, मध्येच सूर लावून थांबणं, ढोलकीवाल्याशी नजरेनं खेळणं, हे सिनेमाच्या सेटवर शिकता येत नाही. ते कंदिलाच्या उजेडात, चार फळ्यांच्या रंगमंचावर, आज जमून उद्या मोडणाऱ्या संचात शिकावं लागतं.

शाहीर साबळ्यांकडे बघितलं की याच गोष्टीची दुसरी बाजू दिसते. साबळे आणि पार्टी हा अल्पायुषी संच नव्हे. 1923 साली वाईजवळच्या पसरणीत जन्मलेल्या या माणसानं आयुष्यभर संच चालवला. पण त्यांचा ‘महाराष्ट्राची लोकधारा’ हा कार्यक्रम म्हणजे स्वतःच एक वाहती जागा होती. माणसं येत, दोन-चार वर्षं नाचत-गात आणि पुढे जात. भरत जाधव, अंकुश चौधरी त्याच धारेतून आले. एखादा मोठा संच टिकतो तो आत सतत लहान संच जमत-मोडत असतात म्हणून, हे साबळ्यांच्या उदाहरणावरून मला पटलं.

तमाशाच्या फडांबद्दल थोडक्यातच लिहितो, कारण त्यावर पुष्कळ लिहून झालं आहे. फडाला नातं लपवायचं नसतं, उलट ते तंबूवर लिहायचं असतं. ‘विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर’ या नावात बाप आहे, जात आहे, गाव आहे. ‘रघुवीर खेडकर सह कांताबाई सातारकर’ या नावातल्या ‘सह’मध्ये एका घराण्याचा इतिहास आहे. विठाबाईंच्या फडातून मंगला बनसोडे निघाल्या आणि त्यांनी स्वतःचा फड उभा केला. गुढीपाडव्याला नारायणगावात राहुट्या पडतात, गावकरी सुपारी द्यायला येतात, तेव्हा पाटीवरचं नाव बघूनच रक्कम ठरते. मालकाकडून उचल घेतलेला ढोलकीवाला मध्येच दुसऱ्या फडात गेला की ‘माणूस फोडला’ म्हणतात, आणि चार माणसं फुटली की ‘फड फुटला’. फुटलेल्या फडाचा वर्ष-दोन वर्षांत बोजवारा उडतो, बहुतेक वेळा कर्जानं. त्या एका हंगामात एखादी नवी बतावणी बसलेली असते, ती दुसऱ्या फडात रुजू होते. तिच्यावर कोणाचं नाव नसतं.

जलशांची परंपरा वेगळी. आंबेडकरी जलसा भीमराव कर्डकांनी 1930 च्या दशकात गावोगाव नेला, पुढे वामनदादा कर्डकांनी आयुष्यभर गाणी लिहिली, आणि ती गाणी म्हणणारे संच मराठवाड्यात प्रत्येक भीमनगरात उभे राहिले. 14 एप्रिलच्या आठवड्यात जन्मलेला संच पुढच्या एप्रिलमध्ये नसायचा, पण वामनदादांची चाल दुसऱ्या संचात सुरूच असायची. या धारेत काही संच राजकारणाच्या दबावानं मोडले. विलास घोगरे ‘आव्हान नाट्य मंच’चे शाहीर. 11 जुलै 1997 ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली आणि चार दिवसांनी घोगऱ्यांनी जीव दिला. संभाजी भगत त्याच परंपरेतले. पुढे जालन्याच्या कलावंतांसोबत उभं राहिलेलं ‘शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला’ हे नाटक आणि 2014 चा ‘कोर्ट’ हा चित्रपट यांतून त्यांची शाहिरी नव्या प्रेक्षकांपर्यंत गेली. पुण्यात 2002 साली ‘कबीर कला मंच’ जमला. आनंद पटवर्धनांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटानं त्यांची गाणी जगभर नेली. तोवर अटका सुरू झाल्या होत्या, काही जण भूमिगत झाले, 2 एप्रिल 2013 ला मंचाचे शीतल साठे आणि सचिन माळी विधानभवनासमोर प्रकट झाले, आणि नंतर त्यांनी ‘नवयान महाजलसा’ हा वेगळा संच काढला. त्यांच्या राजकारणाबद्दल कोणाचं काहीही मत असो, शीतल साठेंचा आवाज ऐकून अमर शेखांची आठवण न झालेला जुना श्रोता मला भेटलेला नाही. दोघांमध्ये सत्तर वर्षं आणि कितीतरी मोडलेले संच आहेत.

आता गिटारकडे येऊ. ‘फोक-रॉक’ म्हटल्यावर तरुणांच्या मनात जे येतं ते मराठीत आलं, पण उशिरा. मुंबईचा ‘अभंग रिपोस्ट’ हा बँड तुकोबा-ज्ञानोबांचे अभंग गिटार, बेस आणि ड्रम घेऊन गातो आणि तरुण पोरं उभी राहून ऐकतात. अजय-अतुल यांनी संबळ-हलगीला मोठ्या वाद्यमेळात बसवलं. ‘जोगवा’ चित्रपटासाठी त्यांना संगीताचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तेव्हा देवीच्या वाटेवरचे ठेके देशानं ऐकले. ते ठेके स्टुडिओत जन्मले नव्हते. देवीच्या दारात कितीतरी हातांनी ते घडवले होते.

आणि धाराशिवमध्ये? इथे बँड नाही असं म्हणणाऱ्यांनी विद्यापीठाच्या युवक महोत्सवाला एकदा जावं. डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाच्या महोत्सवात लोकवाद्यवृंद नावाची स्पर्धा असते. उमरगा, तुळजापूर, कळंबच्या महाविद्यालयांतली पोरं दोन महिने तालीम करतात. संबळ, हलगी, तुणतुणं, टाळ, पखवाज, चोंडकं, आणि कुणी हौशी पोरगा कीबोर्डही आणतो. ठरलेल्या मिनिटांत वासुदेवापासून गोंधळापर्यंत सगळं बसवायचं. त्यात एखाद्या वर्षी असा संच जमून जातो की परीक्षक लिहायचं विसरतात. मग पदवीचं तिसरं वर्ष संपतं, कोणी पोलीस भरतीच्या मैदानावर जातो, कोणी चाकणच्या कंपनीत. संच संपला. या संचांना मी स्वीनीज मेनपेक्षा कमी मानत नाही. फरक एवढाच की त्यांच्यातला एखादा उद्या मोठ्या गायकामागे संबळ घेऊन उभा राहिला, तरी तो कुठून आला हे कोणी विचारणार नाही.

यावर माझं मत स्पष्ट आहे. अल्पायुषी संच मोलाचा ठरतो तो त्यातून कोणी प्रसिद्ध झालं म्हणून, ही समजूत चुकीची आहे. मगवम्प्सची तबकडी प्रसिद्धीमुळे आली, पण स्वीनीज मेनचं बुझुकी प्रसिद्धीमुळे टिकलं नाही, ते वाजवणाऱ्यांना हवं होतं म्हणून टिकलं. लाल बावट्याचा बदललेला गण आणि मामाच्या मंडळाचा संबळ यांचंही तसंच. सगळेच संच चांगले होते असंही मी म्हणणार नाही. पुष्कळ कच्चे होते, नकला करत होते, माईकसाठी भांडत होते. तरीही कोणत्या वर्षी, कोणत्या गावात, कोण कोणाबरोबर गायलं एवढं लिहून ठेवलं तर पुढच्या अभ्यासकाला चालींचा प्रवास काढता येईल. 2020 च्या जानेवारीत 93 वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन धाराशिव शहरात भरलं. तेव्हा मांडवाबाहेर जिल्ह्यातली किती मंडळं गायली-वाजवली असतील! त्यांच्यातल्या माणसांची यादी करायला एक वही आणि एक दिवस पुरला असता.

हे काम सरकारी अकादमीची वाट बघत थांबवू नये. धाराशिव, तुळजापूर, उमरगा, परंडा इथल्या महाविद्यालयांच्या मराठी विभागांनी प्रत्येकी एक तालुका वाटून घ्यावा. येत्या कोजागरीला रस्त्याच्या कडेला बसावं आणि थांबलेल्या प्रत्येक मेळ्याला चार गोष्टी विचाराव्यात : मंडळाचं नाव, गाव, कधीपासून, आणि त्याआधी कोणाच्या मंडळात होतात. चौथ्या प्रश्नाच्या उत्तरातूनच वंशावळ उलगडत जाईल.

आणि वाचकहो, तुमच्या घरात माळ्यावर देवीच्या किंवा भीमगीतांच्या जुन्या कॅसेटचा डबा असेल तर तो भंगारात देण्याआधी घरातल्या म्हाताऱ्या माणसांसमोर उघडा. संबळवाला कोण होता, झील कोणाची होती, हे त्यांना अजून आठवत असेल. कॅसेटच्या कागदाची मागची बाजू कोरी असते. तिच्यावर ती नावं लिहून ठेवा.